चारशे जहाजं, पण कोणती?

परवा एका ज्युनियरने त्याच्या संशोधन आराखड्याचा मसुदा वाचायला दिला. ‘पेट’ पास झालाय, मुलाखत तोंडावर आलीये, विषय मराठा आरमार. दुसऱ्याच पानावर वाक्य होतं: शिवकाळात स्वराज्याच्या आरमारात चारशे युद्धनौका होत्या. मी ‘चारशे’भोवती पेन्सिलने गोल केला आणि समासात लिहिलं, ‘एकक?’

तो चिडला. एक म्हणजे मी भौतिकशास्त्राचा माणूस, इतिहासात कशाला नाक खुपसतोय. दुसरं म्हणजे त्याने खाली बखरीचा संदर्भ नीट दिला होता. आणि तिसरं कारण त्याने चहा पिताना सांगितलं, जरा हळू आवाजात: “मुलाखतीत मी आकडा कमी सांगितला, तर लोक म्हणतील हा महाराजांना लहान करतोय.”

ही तिसरी भीती खरी आहे. पुण्यात राहून या विषयावर काम करायचं म्हटलं की ती सगळ्यांनाच असते. म्हणून आज आपण हा एकच आकडा सोलून पाहू. तुमचा विषय आरमार नसेल, जमिनीतला नायट्रोजन किंवा मुळा-मुठेतले मासे असेल, तरी वाचा. कारण प्रश्न सारखाच आहे: मोजलं ते नक्की काय मोजलं?

आधी आकडे समोर ठेवू.

पहिला सभासद बखरीतला. कृष्णाजी अनंत सभासदाने ही बखर जिंजीला राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून लिहिली, म्हणजे शिवाजी महाराजांच्या निधनानंतर सतराएक वर्षांनी. तो सांगतो की आरमाराचे सुभे केले, दोनशे जहाजांचा एक सुभा, आणि सुभेदार म्हणून दर्यासारंग आणि मायनाक भंडारी ही नावं देतो. दोन सुभे, दोनशे-दोनशे, झाले चारशे. ज्युनियरचा आकडा इथून आला.

दुसरा आकडा इंग्रज वखारीच्या पत्रव्यवहारातला. फेब्रुवारी १६६५ मध्ये महाराज स्वतः मालवणहून समुद्रमार्गे बसरूरवर गेले. त्या मोहिमेत इंग्रजांच्या बातमीप्रमाणे तीन मोठी जहाजं आणि पंच्याऐंशी लहान होती. एकूण अठ्ठ्याऐंशी.

तिसरा पुन्हा इंग्रजांचाच, १६७० सालचा: नांदगावला जमवलेलं आरमार, जहाजं एकशेसाठ.

चौथा रॉबर्ट ऑर्म या कंपनीच्या इतिहासकाराचा. त्याने शंभरेक वर्षांनी मागे वळून लिहिलं. १६७०च्या दशकातल्या आरमाराबद्दल तो सांगतो, सत्तावन्न शिडं, पैकी पंधरा गुराबा आणि बाकीची गलबतं.

चारशे, अठ्ठ्याऐंशी, एकशेसाठ, सत्तावन्न. आता नवखा विद्यार्थी इथे काय करतो? एकतर सगळ्यात मोठा आकडा उचलतो, किंवा फारच ‘तटस्थ’ असेल तर सगळ्यात लहान. तिसरा प्रकार त्याहून वाईट, तो सरासरी काढतो. हसू नका, मी असे आराखडे पाहिलेत.

चारही आकडे एकाच वस्तूचे नाहीत, हे आधी लक्षात घ्या. इंग्रज वखारवाल्याला महाराजांच्या राज्याचा ताळेबंद मांडायचा नव्हता. आपला माल सुखरूप जाईल की नाही, एवढीच त्याला काळजी. म्हणून तो एका महिन्यात, एका बंदरातून, एका कामासाठी बाहेर पडलेली जहाजं सांगतो. सभासद सांगतो ते राज्याचं एकूण वैभव, आणि त्याच्या यादीत गुराबा आणि गलबतांच्या जोडीला तरांडी, तारवं, शिबाडं, पगार असे किती तरी प्रकार आहेत. यातलं शिबाड म्हणजे मुळात माल वाहणारं, पोटाने रुंद जहाज. त्यावर माणसं चढवता येतात, दाणागोटा नेता येतो, वेळ पडली तर एखादी तोफही ठेवता येते. पण त्याला ‘युद्धनौका’ म्हणणं म्हणजे लष्कराचा ट्रकसुद्धा रणगाड्यांत मोजण्यासारखं आहे. माझ्या ज्युनियरचं वाक्य चुकलं ते ‘चारशे’मध्ये नव्हे, ‘युद्धनौका’मध्ये. सभासदाने तो शब्द वापरलाच नव्हता.

आता यातली खरी गंमत ‘सुभा’ या शब्दात आहे. रामचंद्रपंत अमात्यांचं आज्ञापत्र तुम्ही ऐकलं असेल. साधारण १७१५चं, राज्य कसं चालवावं याबद्दलचं. त्यात आरमारावर स्वतंत्र प्रकरण आहे. तिथे सुभा कसा बांधावा ते सांगितलंय: पाच गुराबा आणि पंधरा गलबतं मिळून एक सुभा. म्हणजे वीस. सभासदाचा सुभा दोनशेचा, अमात्यांचा वीसचा. शब्द एकच, दहापटीचा फरक! भौतिकशास्त्रात असं झालं असतं तर कोणीतरी कॅलरी आणि किलोकॅलरीत घोळ घातला म्हणून आपण गप्प बसलो असतो. इथे तसं म्हणता येत नाही. अमात्य सांगतात ते ‘असावं कसं’. सभासद सांगतो ते ‘होतं कसं’, तेही आठवणीतून आणि अभिमानाने. एक नियमावली, एक गौरवगाथा, आणि तिसरी शत्रूची हेरगिरी. तीन वेगळ्या जातींचे कागद आहेत हे, त्यांना एकाच तक्त्यात एकाखाली एक लिहिलं की तक्ता खोटा होतो, जरी प्रत्येक आकडा खरा असला तरी.

हा घोळ आपल्याकडेच आहे असं समजू नका. आरमार म्हटलं की जगभरचे इतिहासकार ज्यांच्याकडे बोट दाखवतात त्या अथेन्सचं पाहा. इसवी सनपूर्व ४८३च्या सुमाराला लॉरिऑनच्या खाणीत चांदीचं घबाड लागलं, ते नागरिकांत वाटण्याऐवजी जहाजांवर खर्च करायचं ठरलं, आणि तीन वर्षांत त्याच जहाजांनी सलामिसच्या चिंचोळ्या खाडीत इराणी आरमार अडवलं. त्यांचं मुख्य जहाज ट्रायरीम, तीन थरांत बसलेले वल्हेकरी. आता इसवी सनपूर्व ३३०-३२९चा एक कोरीव हिशेब पायरियस बंदरातल्या गोदीचा सापडलाय. त्यात नोंद आहे ३९२ ट्रायरीमची. वाचून छाती दडपते. पण एका ट्रायरीमला वल्हेकरी १७०, वर सैनिक, सुकाण्या वगैरे धरून एकूण माणसं सुमारे २००. गुणाकार करा: ७८,४००. एवढी माणसं एका शहराला एकाच वेळी समुद्रावर पाठवणं शक्य नव्हतं, आणि त्यांनी ती पाठवलीही नाहीत. गोदीच्या कारकुनाने मोजली ती सांगाडे. त्यात नवी आली, जुनी आली, वल्हीदोर नसलेलीही आली. कारकून खोटं बोलत नव्हता. तो गोदीचा कारकून होता, आरमारप्रमुख नव्हता, एवढंच. रसायनशास्त्रवाल्यांना हे लगेच कळेल: अथेन्समध्ये मर्यादा घालणारा घटक लाकूड नव्हतंच, माणसं होती.

मग आपल्या किनाऱ्यावर मर्यादा कशाची होती? आणि ताकद कशात होती? त्यासाठी जहाज म्हणजे काय हे पाहायला लागतं. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण हा भाग मला मनापासून आवडतो.

गुराब हा शब्द अरबीतून आला, अर्थ कावळा. कावळ्यासारखी पुढे आलेली चोच हे त्या जहाजाचं रूप. ऑर्मने अठराव्या शतकातल्या, म्हणजे आंग्र्यांच्या काळातल्या गुराबेचं बारकाईने वर्णन केलंय. दोन डोलकाठ्या, क्वचित तीन. दोन काठ्यांची गुराब दीडशे टनांपर्यंत, तीन काठ्यांची तीनशेच्या आसपास. लांबीच्या मानाने रुंद आणि पाण्यात कमी बुडणारी. पुढची नाळ भूमध्य समुद्रातल्या वल्ह्यांच्या जहाजांसारखी लांब, पुढे झेपावलेली. अथेन्सच्या ट्रायरीमच्या नाळेवर काशाची धडक मारायची चोच असायची, जहाज हेच हत्यार. गुराबेच्या नाळेमागे मात्र दोन तोफा, नऊ किंवा बारा पौंडी गोळ्याच्या, तोंड थेट पुढे. बाजूच्या तोफा त्याहून हलक्या.

पुढे तोंड करून तोफा का? युरोपी जहाज बाजूने मारा करतं, मग इथे उलटं का? उत्तर गलबतात आहे. गलबत हे गुराबेचं लहान भावंड, सत्तर टनांच्या आतबाहेर. मुख्य काठीवर एक भलं मोठं त्रिकोणी शीड, वजन कमी राहावं म्हणून वरचा तळ बहुधा चिरलेल्या बांबूंचा. आणि चाळीस ते पन्नास वल्ही. वल्हवून ते ताशी चारेक मैल जायचं. चार मैल म्हणजे साडेसहा किलोमीटर. तुम्ही लक्ष्मी रोडवरून घाईत चालता तेवढा वेग, फार तर.

हसण्यासारखा वेग आहे ना? पण तुलना कशाशी करायची ते पाहा. वारा पडला की शिडाच्या मोठ्या जहाजाचा वेग शून्य. शाळेच्या भूगोलात खारे वारे आणि मतलई वारे पाठ केलेले आठवतात? दिवसा समुद्राकडून जमिनीकडे, रात्री उलट. ही दिशा बदलताना मधे वारा पडतो. कोकण किनाऱ्यावर हे हवामान चांगलं असताना रोज घडतं. त्या वेळात समुद्रावर अडकलेल्या मोठ्या जहाजाला वळता येत नाही, आणि वळता येत नाही म्हणजे बाजूच्या तोफा शत्रूकडे फिरवता येत नाहीत. आता ऑर्मने सांगितलेली पद्धत त्यावर बसवा: गलबतं वल्हवत येतात, गुराबांना दोर बांधून ओढत आणतात, अडकलेल्या जहाजाच्या मागच्या अंगाला, जिथे त्याच्या तोफा सगळ्यात कमी. गुराब ओढली जाते ती नाळेच्या दिशेने, म्हणून तिच्या तोफांचं तोंडही त्याच दिशेला. पहिला मारा डोलकाठ्यांवर. काठ्या मोडल्या की मग वारा आला तरी उपयोग नाही. त्यानंतर गलबतं चहूबाजूंनी चिकटतात आणि माणसं तलवारी घेऊन वर चढतात.

म्हणजे एक एकटी गुराब हे आरमार नव्हे, आणि एक एकटं गलबतही नव्हे. अमात्यांचं पाचाला पंधरा हे प्रमाण आता परत वाचा. एका गुराबेमागे तीन गलबतं. ऑर्मच्या सत्तावन्नात पंधरा गुराबा आणि बेचाळीस गलबतं, म्हणजे एकामागे जवळपास तीनच! दोन्ही कागद एकमेकांपासून किती लांबचे: एक कोल्हापूरच्या अमात्यांचा, एक कंपनीच्या इतिहासकाराचा. एकूण आकडे कुठेच जुळत नाहीत, पण गुणोत्तर जुळतंय. दोन कागदांवरून सिद्धान्त मांडू नका, मीही मांडत नाही. पण हे दिसल्यावर मी त्या ज्युनियरला रात्री साडेअकराला फोन केला होता, हे कबूल करतो.

एक सावधगिरी मात्र इथेच सांगतो. ऑर्मचं वर्णन आंग्र्यांच्या काळाचं आहे. ते जसंच्या तसं उचलून १६६५च्या बसरूर मोहिमेवर चिकटवलं तर परीक्षक तुमची मानगूट पकडेल, आणि बरोबर करेल. कल्याण-भिवंडी हाती आल्यावर १६५९च्या सुमाराला महाराजांनी जहाजं बांधायला घेतली, तेव्हा रुय लैतांव व्हिएगश या पोर्तुगीज कारागिराची माणसं कामावर होती आणि वसईच्या पोर्तुगीज अधिकाऱ्याने त्यांना तिथून काढून घेतलं. सुरुवातच अशी, उसन्या हातांनी आणि मधेच तुटलेली. तिथून आंग्र्यांच्या गुराबेपर्यंत सत्तर-ऐंशी वर्षांत बांधणी बदलली असणारच.

तरी वल्हं आणि उथळ तळ हे सूत्र आधीपासून होतं, याचा पुरावा आपल्याकडे आहे. तो म्हणजे खांदेरी.

थळच्या किनाऱ्यापासून चार-पाच किलोमीटर आत समुद्रात हे लहानसं बेट. मुंबई बंदरात शिरणारं प्रत्येक जहाज इथून दिसतं. १६७९च्या पावसाळ्याच्या शेवटी मायनाक भंडारी माणसं आणि सामान घेऊन बेटावर उतरला आणि तटबंदीला सुरुवात झाली. इंग्रज हादरले. त्यांनी बेटाभोवती जहाजं आणून उभी केली, हेतू एवढाच की किनाऱ्यावरून दाणागोटा, दगड, चुना जाऊ द्यायचा नाही. मोठं जहाज ‘रिव्हेंज’, सोबत लहान गुराबा, आणि भाड्याने घेतलेली शिबाडं आणि मचवे. सप्टेंबरात बेटावर उतरायच्या प्रयत्नात त्यांचा लेफ्टनंट थॉर्प मारला गेला.

१८ ऑक्टोबरला पहाटे दौलतखानाचं आरमार किनाऱ्याकडून निघालं. चाळीसच्या वर गलबतं, वल्ही मारत, इतक्या वेगाने की इंग्रजांना नांगर उचलायलाही धड वेळ मिळाला नाही. त्यांची ‘डोव्ह’ नावाची गुराब शरण गेली. बाकीच्या लहान नावांनी पळ काढला. राहिलं एकटं रिव्हेंज. आणि आता नीट ऐका, कारण हा भाग आपल्या भाषणांत गाळला जातो: रिव्हेंजने एकट्याने तोफांच्या जोरावर तो हल्ला परतवला, काही गलबतं बुडवली आणि बाकीच्यांना किनाऱ्याकडे हटवलं. मोठ्या तोफा, जाड फळ्या आणि सरावलेले गोलंदाज समोर असले की उघड्या समुद्रात दिवसाउजेडी गलबतांचा निभाव लागणं अवघड होतं.

मग लढाई कोण जिंकलं? त्या दिवसाचा निकाल मागितलात तर भांडण कधीच संपणार नाही. दोन्हीकडच्या अभिमानी मंडळींना आपापला पुरावा सापडतो. प्रश्न बदला. इंग्रज तिथे कशासाठी आले होते? रसद तोडायला. ती तुटली का? नाही. रात्री लहान होड्या उथळ पाण्यातून, वाऱ्याविरुद्ध वल्हवत बेटावर पोचत राहिल्या. मोठं जहाज तिथे जाऊच शकत नव्हतं, गेलं तर खडकावर बसलं असतं. तट रोज वीत वीत वर येत राहिला. जानेवारी १६८०मध्ये इंग्रजांनी समेट केला आणि जहाजं काढून घेतली, खांदेरी मराठ्यांकडे राहिली. (त्याच महिन्यात सिद्दीने शेजारचं उंदेरी बळकावलं, ती डोकेदुखी वेगळी.)

आता परत त्या भीतीकडे या, आकडा कमी सांगितला तर महाराज लहान होतात का? चारशे युद्धनौका असत्या तर एक रिव्हेंज हटवता आलं नाही ही लाजिरवाणी गोष्ट ठरली असती. लहान, हलकी, उघड्या समुद्रात तोफेला तोफ न देऊ शकणारी जहाजं होती, आणि तरीही इंग्रजांच्या दारात किल्ला उभा राहिला, ही गोष्ट कितीतरी मोठी आहे. आकडा फुगवणारा माणूस खांदेरीची खरी करामत झाकून टाकतो. मला यावर मुलाखतीत भांडायला आवडेल.

आणखी एक चल राशी राहिली, काळ. जून ते सप्टेंबर या किनाऱ्यावर आरमार नसतंच. जहाजं खाडीत किंवा किल्ल्याच्या आडोशाला, झावळ्यांनी शाकारलेली. नारळी पौर्णिमेनंतर हळूहळू समुद्र उघडतो. आज्ञापत्रात पावसाळी छावणीचा विचार आहे: दरवर्षी एकाच बंदरात छावणी करू नये, कारण खलाशी-सैनिकांचा गावाला उपद्रव होतो. वाचताना मला अमात्यांबद्दल फार आपुलकी वाटली. तीनशे वर्षांपूर्वी कोणीतरी बसून विचार केला की या लोकांनी चार महिने बसून गावकऱ्यांचं काय काय खाल्लं असेल. लाकडाबद्दलही तसंच. जहाजाला साग लागतो, तो परवानगीने तोडावा, पण रयतेच्या आंबा-फणसाला हात लावू नये, ती झाडं लोक पोटच्या पोरांसारखी वाढवतात. म्हणजे आपल्या किनाऱ्यावर मर्यादा कशाची होती याचं उत्तर या दोन नियमांतच आहे: लाकडाची आणि वर्षातल्या चार महिन्यांची. अथेन्सच्या ट्रायरीमही हंगाम संपला की ओढून छपराखाली ठेवायचे, लाकूड पाणी पिऊन जड होतं आणि समुद्रातले किडे ते पोखरतात म्हणून. त्या छपरांचे पाये पायरियसला सापडले, त्यावरून ट्रायरीम जास्तीत जास्त किती लांब-रुंद असेल याचा अंदाज बांधता आला. आख्खी ट्रायरीम मात्र समुद्रतळाशी आजवर मिळालेली नाही. तरी १९८७मध्ये ग्रीक आरमाराने ‘ऑलिंपियास’ नावाची प्रतिकृती पाण्यात उतरवली, १७० स्वयंसेवक वल्ह्यांवर बसवले आणि वेग मोजला, थोड्या अंतरासाठी नऊ नॉटच्या आसपास. कागदावरच्या वादाला असा प्रयोगाने हात घालता येतो. पुण्यात इतकी इंजिनिअरिंग कॉलेजं आहेत. कोणाला गुराब-गलबत जोडीवर प्रकल्प करायचा असेल तर मला सांगा, दोराचा ताण मी काढून देतो.

शेवटी विजयदुर्ग. हे लिहायला पुण्यात बसून जरा अवघड जातं, कारण निर्णय पुण्याच्या दरबाराचा होता.

कान्होजी आंग्रे १७२९मध्ये वारले. त्याआधी इंग्रजांनी विजयदुर्ग, खांदेरी, आणि पोर्तुगीजांना घेऊन कुलाबाही घ्यायचा प्रयत्न केला होता, काही जमलं नाही. नंतर आंग्र्यांच्या घरात फूट पडली, कुलाब्याला मानाजी, विजयदुर्गाला संभाजी आणि त्याच्यानंतर तुळाजी. तुळाजी पेशव्यांना जुमानेना, शेजाऱ्यांवर हल्ले करी. नानासाहेब पेशव्यांनी इंग्रजांशी करार केला. १७५५च्या एप्रिलमध्ये कमोडोर जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. फेब्रुवारी १७५६मध्ये ॲडमिरल वॉटसनचा ताफा विजयदुर्गच्या खाडीत शिरला, सैन्यासोबत क्लाइव्ह होता, जमिनीवरून पेशव्यांची फौज. तुळाजी बोलणी करायला किल्ल्याबाहेर मराठ्यांच्या छावणीत गेला होता. इंग्रजांचा एक तोफगोळा ‘रिस्टोरेशन’ या जहाजावर पडला. हे जहाज मूळचं कंपनीचं, तुळाजीने जिंकून आणलेलं. त्याने पेट घेतला, आणि एकमेकांना खेटून नांगरलेल्या आरमाराला आग लागली. संध्याकाळपर्यंत आंग्र्यांचं आरमार राखेत होतं. तुळाजीचं उरलेलं आयुष्य कैदेत गेलं.

नानासाहेबांनी चूक केली की तुळाजीने करायला भाग पाडलं, यावर पुण्यात भांडायला माणसं कधीही मिळतील. मी तुम्हाला आपल्या प्रश्नाकडे परत नेतो. त्या सकाळी विजयदुर्गला जहाजं किती होती, हा आकडा वेगवेगळ्या इंग्रजी वृत्तान्तांत वेगवेगळा आहे. पण समजा, नेमका मिळाला. तरी काय? किल्ल्याच्या पायथ्याशी दाटीने बांधलेलं गलबत वल्हवता येत नाही, गुराबेला ओढून शत्रूच्या मागे नेता येत नाही. उथळ तळ, वल्ही, वारा पडण्याची वाट पाहणं, यातलं काहीच त्या दिवशी वापरात नव्हतं. मोजणीत ती जहाजं होती, लढाईत नव्हती. पायरियसच्या कारकुनाच्या यादीतल्या सांगाड्यांसारखी.

आणि मराठा आरमार १७५६ला संपलं असंही आराखड्यात लिहू नका. इंग्रजांनी विजयदुर्ग त्याच वर्षी पेशव्यांना परत दिला आणि बदल्यात बाणकोट ठेवून घेतलं. पुढे आनंदराव धुळप तिथे पेशव्यांच्या आरमाराचे सुभेदार झाले. एप्रिल १७८३मध्ये त्यांच्या आरमाराने रत्नागिरीजवळ ‘रेंजर’ हे इंग्रजी जहाज लढून पकडलं. ती लढाई वाचायची असेल तर जहाजांच्या संख्येआधी वाऱ्याची नोंद शोधा.

वाचनासाठी विचाराल तर सुरेंद्रनाथ सेन यांचं मराठ्यांच्या लष्करी व्यवस्थेवरचं इंग्रजी पुस्तक जुनं असलं तरी आधी तेच उघडा. मराठीत गजानन भास्कर मेहेंदळे आणि संतोष शिंत्रे यांचं ‘शिवछत्रपतींचे आरमार’ घ्या.

ज्युनियर काल परत आला. चारशेचं वाक्य गेलंय, त्याजागी अर्ध्या पानाचा तक्ता आहे. रकाने असे: कोणी मोजलं, कधी, कुठल्या बंदरात, कुठल्या महिन्यात, गुराबा किती, गलबतं किती, मालवाहू किती, खलाशी किती. शेवटचा रकाना वरपासून खालपर्यंत रिकामा. तो म्हणाला, हा काढून टाकू का, वाईट दिसतंय. मी म्हटलं, हाच तुझा विषय आहे बाबा. पेशवे दप्तरात आरमाराचे हिशेब आहेत, पगाराचे, दोरखंडाचे, तेलाचे, पण ते मोडीत. त्याने शनिवारपासून मोडीच्या वर्गाला नाव घातलंय.